नावेतून आलेलं माहेर

भाद्रपदात नदीच्या पलीकडच्या काठावरची धोलमारी तुटत होती, तेव्हा तिचा आवाज पात्र ओलांडून कलाईबाडीपर्यंत यायचा. काठाचा मोठा तुकडा सुटला की पहिल्यांदा काहीच ऐकू यायचं नाही. मग पाण्याखालून एक जड, दबका धक्का यायचा. बसिरन अंगणात तागाच्या काड्या उभ्या करून वाळवत होती. धक्का आला की तिचा हात थांबायचा आणि पुन्हा चालू व्हायचा.

"मा, आज तिकडे जास्तच तुटतंय," तिची सून लाइली म्हणाली.

"नदी आहे. तुटणारच," बसिरन म्हणाली आणि काड्यांची दुसरी मोळी सोडली.

त्या घरात 'तिकडे' एवढंच म्हणायचे. धोलमारी हे नाव कोणी घेत नसे. खरं तर बसिरनचं ते माहेर. लहानपणी ती तिथल्या काठावर बकऱ्या राखत हिंडली होती. तिथूनच तोमेजशी लग्न करून ती नावेत बसली आणि समोरच्या कलाईबाडीच्या चरावर, नदीतल्या वाळूच्या बेटावर, उतरली. मध्ये एक पात्र. कोंबडा आरवला तर इकडचा तिकडे ऐकू जाईल एवढंच अंतर. सासरी जाताना ती रडली, तेव्हा तिचा बाप आछिमुद्दी हसून म्हणाला होता, "वेडे, माझ्या अंगणातून तुझ्या चुलीचा धूर दिसेल मला."

कुडीग्राम जिल्ह्यात जमीन एका जागी बसून राहत नाही. ब्रह्मपुत्रा आसामातून उतरते ती फाटत, पसरत, आणि तिच्या पोटात वाळूचे चर वर येतात, बुडतात, पुन्हा वर येतात. नवी वाळू दिसली की आधी तिच्यावर काशाचं गवत उगवतं, मग कोणीतरी भुईमूग टाकतं, कोणीतरी खोपटं बांधतं, आणि मग भांडण उभं राहतं. धोलमारी आणि कलाईबाडीच्या मधोमध असाच एक पट्टा वर आला होता. धोलमारीवाले म्हणाले, ही आमच्या आजोबांची बुडालेली शेतं, देवाने परत दिली. कलाईबाडीवाले म्हणाले, ती आमच्या काठाला चिकटून आली, म्हणजे आमची. दोघांचंही खरं होतं. दोघांनीही उडीद पेरले. पौषात कापणीच्या दिवशी दोन्हीकडचे पुरुष काठ्या आणि मासे भोसकायचे भाले घेऊन तिथे उभे राहिले.

तोमेज भांडणारा माणूस नव्हता. धाकट्या भावाला हाताला धरून परत आणायला म्हणून तो गेला होता. भाला त्याच्या पोटात लागला. त्याला नावेत घालून चिलमारीच्या दवाखान्याकडे नेलं, पण नाव मधल्या प्रवाहात असतानाच त्याचा श्वास थांबला. तेव्हा त्यांचा मुलगा जोयनाल बसिरनच्या अंगावर पीत होता. भाला खोइबरचा होता. खोइबर म्हणजे बसिरनच्या सख्ख्या चुलत्याचा मुलगा, तिचा थोरला भाऊच. कोर्टात तो हो म्हणाला नाही आणि नाहीही म्हणाला नाही. त्याला शिक्षा झाली, ती त्याने भोगली. ज्या वाळूसाठी माणूस गेला, ती वाळू मात्र दुसऱ्याच पावसाळ्यात नदीने परत नेली.

तोमेजला पुरल्यानंतर तिचा बाप पांढरी साडी आणि दुधाचं मडकं घेऊन घाटाला आला होता. बसिरनने आतूनच निरोप पाठवला, "त्यांना सांगा, इथे त्यांची मुलगी राहत नाही." म्हातारा उन्हं उतरेपर्यंत नावेत बसून राहिला आणि परत गेला. पुढच्या ईदला पुन्हा आला. पुन्हा तोच निरोप. मग तो यायचा थांबला. तो गेल्याचं तिला बऱ्याच महिन्यांनी बाजारात एका कोळ्याच्या तोंडून कळलं. ती घरी आली, दार लावून घेतलं, आणि संध्याकाळी उठून नेहमीसारखी चूल पेटवली.

तिकडे जास्तच तुटत होतं त्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारी घाटावर आरडाओरडा ऐकू आला. चराचा कारभार बघणाऱ्या मातब्बर गोफूरकडचा माणूस धावत आला. "बसिरनभाबी, मातब्बरांनी बोलावलंय. धोलमारीच्या नावा आल्यात."

"माझं काय काम तिथे?"

"तुमचंच आहे म्हणतात."

ती डोक्यावरून पदर घेऊन घाटावर गेली. पाण्यात नावांची रांग लागली होती. मोडलेलं घर नावेत घातलं की केवढंसं दिसतं. पत्रे, खांब, कुडाच्या चटया, गुंडाळलेल्या गोधड्या, टोपलीखाली कोंबड्या, आणि त्या सगळ्यातून वर आलेली गाईंची तोंडं. पोरं कडेला गप्प बसली होती. काठावर कलाईबाडीचे तरुण उभे होते, आणि सगळ्यांच्या पुढे हातात बांबू घेऊन जोयनाल.

"नाव लावू नका म्हटलं ना," तो म्हणत होता.

"लावू नको तर काय करू, खिशात घालू?" पहिल्या नावेवरचा दोबीर म्हातारा म्हणाला. तो दोन्ही चरांना माल पोहोचवायचा, त्यामुळे कोणाला घाबरत नसे. "गाई सकाळपासून उभ्यानं आहेत. हा घाट काय तुला लग्नात मिळाला?"

"चिलमारीला जा. बंधाऱ्यावर जा."

"बंधाऱ्यावर पाय टेकायला जागा नाही, बाबा. मागच्या साली बुडालेले तिथे आधीच मांडी घालून बसलेत."

गोफूर मातब्बर छत्री टेकून उभा होता. बसिरन आल्यावर तो खाकरला. "नदीनं मोडलेल्याला घाट नाकारू नये, हे आपल्याकडे लहान पोरालाही माहीत आहे. उद्या आपली पाळी. पण यांच्यात आणि आपल्यात रक्त आहे. ते रक्त ज्या घरचं, त्या घरानं बोलावं. जोयनाल नाही म्हणतो. तू काय म्हणतेस ते ऐकू दे."

"आईला काय विचारता," जोयनाल म्हणाला. "मी बोललो ना."

"तुझ्या आधी ती त्या घरात आली," गोफूर म्हणाला.

नावेतून एक बारीक, फाटका आवाज आला. "कोण ती? बसी का? जरा पुढे ये गं, मला नीट दिसत नाही."

जमिरनचाची होती. बसिरनच्या बापाच्या घराशेजारचं घर तिचं. लहानपणी बसिरनचे केस तीच विंचरायची.

"बसीच आहे," चाची म्हणाली. "अगं बाई, केवढी म्हातारी झालीस."

"आणि तू काय तरणीताठी राहिलीस, चाची?"

शब्द तोंडातून निघून गेल्यावरच बसिरनच्या लक्षात आलं की ती बोलली. नावांवरचे दोघं-तिघं हसले. ते हसू लगेच विझलं, पण ऐकू आलं होतं सगळ्यांना. तिने नावांवरून नजर फिरवली. काही चेहरे ओळखीचे वाटले. ज्यांच्याबरोबर बकऱ्या राखल्या त्या पोरी आता दात पडलेल्या आज्या होऊन बसल्या होत्या. आणि दोबीरच्याच नावेत, पत्र्यांच्या चळतीवर पाठ करून एक माणूस बसला होता. खांदे रुंद, पण आत मोडलेले. त्याच्या शेजारी एक सून, तिच्या मांडीवर एक मूल आणि पदराला दुसरं.

बसिरन पाण्याच्या कडेपर्यंत गेली. चिखलात तिचे पाय घोट्यापर्यंत रुतले.

"खोइबरभाई," ती म्हणाली, "इकडे तोंड करा."

तो वळला. दाढी पांढरी झाली होती. डोळे तेच होते.

"कोर्टात तुम्ही बोलला नाहीत. आज इथे बोला. भाला तुमचा होता?"

"माझा होता."

"आणि हात?"

"हातही माझाच. धुरळा होता, बसी. जो पुढे येईल त्याच्यावर उगारला होता. पण हात सुटायच्या आधी मी पाहिलं, तो तोमेज आहे. पाहिलं, आणि हात थांबला नाही. हे कोर्टात सांगता येण्यासारखं नव्हतं."

जोयनालच्या हातातला बांबू वर आला होता, तो तसाच राहिला. एका गाईने मान झटकली, तिच्या गळ्यातली घंटा वाजली.

बसिरनला वाटलं होतं, हे उत्तर मिळालं की आत काहीतरी फुटेल किंवा बसेल. तसं काही झालं नाही. ऊन डोळ्यांवर येत होतं. तिने पदर पुढे ओढला.

"बाकी सगळे उतरा," ती म्हणाली. "माझ्या घराच्या भिटीच्या दक्षिणेला उंच जागा आहे, पाणी तिथवर चढत नाही. गाई आधी उतरवा. चाचीला हाताला धरा, ती पडेल." मग खोइबरकडे न बघता म्हणाली, "फक्त हे नाहीत."

खोइबरची सून मर्जिना उभी राहिली. "मग मीही नाही उतरत. सासऱ्याला पाण्यावर सोडून मी कुठे जाऊ?"

"उतर, पोरी," खोइबर तिला म्हणाला. "पोरांना घेऊन उतर. तुझा नवरा ढाक्याहून आला की त्याला शोधायला एक ठिकाण पाहिजे. ही म्हणते ते बरोबर आहे. पत्रे तूच ठेव, मला एक पुरे."

त्याने एक गोधडी, लोटा आणि एक पत्रा बाजूला काढला. बाकीचं सामान त्याने स्वतः काठावर उतरवून दिलं, पण पाय पाण्यातच ठेवले, जमिनीवर टेकवले नाहीत. मग दोबीरने नाव वळवली. इंजिनाचा फटफट आवाज पश्चिमेकडे, बंधाऱ्याच्या दिशेने बराच वेळ ऐकू येत राहिला. मर्जिनाचं धाकटं पोर त्या आवाजाकडे हात करून रडत होतं.

त्या संध्याकाळी बसिरनच्या चुलीवर मोठं पातेलं चढलं. तांदूळ, मसूर, हळद, होतं नव्हतं ते सगळं. जोयनाल जेवला नाही. दुसऱ्या दिवशी वारा सुटला, धोलमारीवाल्यांचे अर्धे उभे खांब डुलायला लागले, तेव्हा तो काही न बोलता गेला आणि दोऱ्या आवळून आला. पुढे आठवड्याभरात दक्षिणेची ती उंच जागा ओळखू येईना अशी भरली. जमिरनचाची बसिरनच्या ओसरीतच राहिली. सरकारी नकाशावर धोलमारी अजून होती, तिचा रंग हिरवा होता. प्रत्यक्षात तिथून आता मासेमारीच्या होड्या जायच्या.

आश्विनात पाणी उतरलं आणि गाळावर उडीद पेरायची घाई सुरू झाली. एका दुपारी बसिरन आणि चाची अळूची पानं चिरत बसल्या होत्या. चाचीचं तोंड हातापेक्षा जास्त चालायचं.

"तुझा बाप तुझं नाव घेत गेला हो," ती म्हणाली. "तू आली असतीस तर..."

"मला कोणी कळवलं, चाची? मला बाजारात कळलं. तेही किती दिवसांनी."

चाचीचा विळीवरचा हात थांबला. "कळवलं नाही कसं? खोइबर स्वतः आला होता की. तुरुंगातून सुटून आला होता तेव्हा. दोबीरच्या नावेतून आला. तुझा बाप त्याच्याच घरी पडून होता, दुसरं कोण होतं त्याला. खोइबर म्हणाला, मार खाईन पण तिला सांगून येतो. परत आला तो म्हणाला, घाटावर तिचा मुलगा होता, तो म्हणाला, मा येणार नाही."

बसिरनने पानं खाली ठेवली. ती उठली आणि गोठ्यामागे गेली. जोयनाल तिथे गाईला कडबा घालत होता.

"तुझे नाना, माझे बाबा, आजारी असताना घाटावर निरोप आला होता?"

तो वळला नाही. "आला होता."

"मग?"

"मी म्हटलं, जा. पुन्हा आलात तर नाव फोडीन."

"मला का सांगितलं नाहीस?"

"सांगितलं असतं तर गेली असतीस?"

जोयनालने हातातला कडबा टाकला आणि तिच्यासमोर येऊन उभा राहिला. त्याला मिसरूड फुटत होतं तेव्हाची गोष्ट होती ती. आता त्याच्या कानांवरचे केस पांढरे व्हायला लागले होते.

"गेली असतीस तर सगळा चर म्हणाला असता, तोमेजची बायको खुन्याच्या नावेत बसून गेली," तो म्हणाला. "आणि गेली नसतीस तर तुला ते जन्मभर लागलं असतं. म्हणून मी ते माझ्यावर घेतलं."

"तुला कोणी घ्यायला सांगितलं होतं?"

"कोणीच नाही. ज्या घरात बाप नाही तिथे कोण सांगणार?"

ती तिथेच गाईच्या पाठीवर हात ठेवून उभी राहिली. त्याच्यावर रागवावं असं तिला वाटलं, आणि राग शोधूनही सापडेना. दोनदा घाटावरून बापाला परत पाठवणारी ती स्वतःच होती. पोराने तिसऱ्यांदा तेच केलं, जे त्याने या घरात पाहिलं होतं.

कार्तिकात, चरावर कोणाच्याच घरात धड धान्य नसतं अशा दिवसांत, ती मर्जिनाबरोबर दोबीरच्या नावेतून बंधाऱ्यावर गेली. मातीचा लांबच लांब बंधारा, त्याच्या उतारावर ताडपत्र्यांच्या आणि पत्र्यांच्या खोप्या एकीला एक चिकटून. गावं सगळी बुडालेली, पण नावं तरून इथे आली होती. चार खोप्यांना लोक अजून बुडालेल्या चराच्या नावाने हाक मारायचे, आणि पत्ता विचारला तर तेच नाव सांगायचे. खोइबर टोकाला राहत होता. एकुलत्या पत्र्याखाली बसून तो बांबूच्या काड्यांचा मासे धरायचा सापळा विणत होता. खोकला आला की विणकाम थांबायचं.

मर्जिनाने भाताचा डबा पुढे ठेवला आणि पोरांना घेऊन बाहेर गेली. बसिरन दाराशीच बसली.

"मी तुला माफ करायला आले नाही," ती म्हणाली. 'तुम्ही' म्हणायचं तिच्या लक्षात राहिलं नव्हतं.

"मी मागितली नाही. मागायला तोंड पाहिजे."

"बाबा शेवटी काय म्हणाले ते सांग. माझं नाव घेत होते?"

खोइबरने काडी वाकवून बघितली. "नाही."

"चाची म्हणते घेत होते."

"तुला बरं वाटावं म्हणून म्हणते. आधी घ्यायचे. दर पौषात घ्यायचे. मला पाहिलं की तोंड फिरवायचे, पण जेवायचे माझ्याच हातून. शेवटचे दिवस मात्र त्यांना नदीशिवाय कशाचं भान नव्हतं. डोळे गेले होते. सारखं विचारायचे, खोइबर, काठ किती उरलाय? मी म्हणायचो, पुष्कळ आहे, चाचा. तेव्हा काठ अंगणात आला होता. एवढं एक खोटं बोललो मी त्यांच्याशी."

"कबर?"

"यंदाच्या श्रावणात गेली. मी तिथे उभा होतो. काठ सुटायला लागला तसं दुआ म्हटली. दुसरं काय करणार होतो."

बाहेर बंधाऱ्यावरून सायकली जात होत्या. बसिरनने पदराने तोंड पुसलं. ती रडली, पण कोणासाठी ते तिला स्वतःलाही नीट सांगता आलं नसतं. खोइबर खाली बघून विणत राहिला, त्याने तिला रडू दिलं.

"पोरं तुझी आठवण काढतात," ती शेवटी म्हणाली. "चल तिकडे."

"तू त्या दिवशी नाही म्हणालीस, आज हो म्हणतेस. दोन्हीचा तुला हक्क आहे. पण मी बाप तुझ्या पोराचा घेतला, बसी. त्याच्या अंगणात बसून त्याच्या नजरेसमोर मी घास कसा गिळू? त्याने बोलावलं तर गोष्ट वेगळी."

घरी आल्यावर तिने जोयनालला विचारलं.

"तू जा," तो म्हणाला. "भात दे, गोधडी दे, काय द्यायचं ते दे. मी आड येणार नाही. पण त्याला आण म्हणून मला सांगू नकोस."

तिने पुन्हा सांगितलं नाही. दोबीर बाजाराला निघाला की ती त्याच्याबरोबर भात, कधी उकडलेला रताळ्याचा तुकडा, कधी खोकल्यावर तुळशीचा काढा पाठवायची. थंडी पडल्यावर स्वतःची जाड गोधडी पाठवली. लाइली म्हणाली, "मा, आता तुम्ही काय पांघरणार?" बसिरन म्हणाली, "तुझी अर्धी."

पौषात धुकं एवढं उतरतं की घाटावर उभं राहून स्वतःची नाव दिसत नाही. अशाच एका सकाळी दोबीर आला तो इंजिन बंद करून, नुसत्या बांबूने नाव ढकलत. तो सरळ मर्जिनाच्या खोपीकडे गेला. तिचं रडणं बसिरनला चुलीपाशी ऐकू आलं.

धोलमारीचे पुरुष मर्जिनाच्या दारात जमले. बसिरन आली, जोयनालही येऊन जरा लांब उभा राहिला. दोबीर डोक्याला रुमाल गुंडाळत सांगत होता, "पहाटे गेला. बंधाऱ्यावर पुरायला जागा नाही. बंधारा सरकारचा, खाली शेतं लोकांची. मशिदीच्या जागेत त्यांची स्वतःचीच माणसं मावत नाहीत. तिथले लोक म्हणतात, ज्यांचं माणूस त्यांनी न्यावं."

न्यावं तर कुठे, हे कोणाला म्हणवत नव्हतं. धोलमारीचं कबरस्तान पाण्यात होतं, आणि कलाईबाडीच्या कबरस्तानात तोमेज होता. एकाने बसिरनकडे पाहिलं आणि नजर खाली केली. बसिरननेही काही म्हटलं नाही. तिला म्हणता आलं असतं. पण या वेळी तिने आपला शब्द पुढे घातला नाही.

मग जोयनालने लुंगी वर खोचली.

"दोबीरचाचा, नाव रिकामी आहे?"

"आहे."

"धुक्यात एकट्याला जमायचं नाही. मी पुढे बांबू धरतो. चला."

दुपार कलंडताना धुकं फाटलं आणि नाव दिसली. नावेत बसिरनच्या गोधडीत गुंडाळलेला तो देह होता, आणि पुढे जोयनाल उभा. काठावर गोफूर मातब्बर वाट बघत होता.

"कबर कुठे खणायची?" त्याने विचारलं. "तुझ्या बापाजवळ?"

"बापाजवळ नाही," जोयनाल म्हणाला. "उत्तरेच्या कोपऱ्यात. लांब. पण आतच."

वाळूची कबर खणणं सोपं नसतं. जेवढं काढावं तेवढं दोन्ही बाजूंनी पुन्हा आत घसरतं, म्हणून कडेला बांबू उभे करावे लागतात. जोयनालने बांबू स्वतःच्या बेटातले तोडून दिले. आधी धोलमारीचे चौघे खणत होते. मग त्यांच्यातला एक दमला, तसा जोयनाल खड्ड्यात उतरला. कलाईबाडीचे लोक आधी लांब उभे होते. नमाजाच्या वेळी मात्र गोफूर पुढे येऊन रांगेत उभा राहिला, आणि मग बाकीचेही एकेक करून आले. सगळे आले नाहीत. तोमेजचा धाकटा भाऊ, ज्याला आणायला तोमेज गेला होता, तो घरातून बाहेर पडला नाही. त्याला कोणी बोलावलंही नाही.

बायका घरी थांबल्या. बसिरनने मर्जिनाचं डोकं आपल्या मांडीवर घेतलं होतं. जमिरनचाची पोरांना मुरमुरे देत होती आणि मध्येच डोळे पुसत होती.

संध्याकाळी जोयनाल आला. हातपाय धुऊन तो ओसरीच्या कडेला बसला. त्याच्या नखांत वाळू होती. बसिरन त्याच्याजवळ येऊन बसली.

"तोंडावरचं कापड बाजूला करून दाखवलं त्यांनी," तो म्हणाला. "माती द्यायच्या आधी. मला वाटलं होतं, बघितल्यावर काहीतरी वाटेल. साधा म्हातारा होता, मा. कुणाचाही असतो तसा."

"हं."

"बाबांचा चेहरा मला आठवत नाही. मी लहान होतो. तू कधी सांगितलंही नाहीस. नुसतं, त्याला मारलं, एवढंच सांगितलंस."

हे खरं होतं. या घरात तोमेजचं मरणच तेवढं राहायला उरलं होतं. तो कसा हसायचा, काय खायचा, हे तिने कोणाला कधी सांगितलं नव्हतं, कारण ते सांगायला गेलं की धोलमारी मध्ये यायची.

"तुझा बाप लग्नाला आला तेव्हा नदी अशीच आटलेली होती," ती म्हणाली. "धोलमारीच्या अलीकडे नाव वाळूत रुतली. वऱ्हाड सगळं पाण्यात उतरलं, कुणाचे जोडे हातात, कुणाची लुंगी गुडघ्याच्या वर. हा मात्र नावेतच बसून राहिला. नवा कुर्ता होता ना. भिजवायचा नव्हता. काठावरून पोरी ओरडायला लागल्या, नवरदेवाला पोहता येत नाही वाटतं."

जोयनालने तिच्याकडे पाहिलं.

"मग?"

"मग खोइबर गेला पाण्यात. म्हणाला, ये रे माझ्या खांद्यावर, आमच्या पोरीला कोरडा नवरा पाहिजे. आणि खांद्यावर घेऊन आला त्याला थेट अंगणापर्यंत. तुझा बाप वरून दोन्ही हातांनी त्याचं डोकं धरून होता, पडू नये म्हणून. दोघंही हसत होते. मी आत कुडाच्या फटीतून बघत होते. तेव्हाच मी तुझ्या बापाला पहिल्यांदा पाहिलं."

लाइलीने आतून भात झाल्याचं सांगितलं. कोणी उठलं नाही.

"कुर्ता कसला होता?" जोयनालने विचारलं.

"आकाशी," बसिरन म्हणाली, आणि पुढचं सांगू लागली.